कोलकात्यातील भाड्याची दुकाने आणि निष्कासनाचे वाद

कोलकात्याच्या बडाबाजारात, कॅनिंग स्ट्रीटवर किंवा कॉलेज स्ट्रीटच्या पुस्तकबाजारात तीन-तीन पिढ्या एकाच जागेत व्यापार करणारी दुकाने आजही आढळतात. यांतील बहुसंख्य दुकानदार जागेचे मालक नसून भाडेकरू आहेत. अनेक ठिकाणी दरमहा भाडे इतके अल्प आहे, की त्यात इमारतीच्या एका खांबाचीही दुरुस्ती होऊ शकत नाही, असे घरमालक सांगतात. दुकानदारांचे म्हणणे वेगळे आहे. जागा मिळवताना मोठी रक्कम मोजलेली असते, गिऱ्हाईक त्या पत्त्याशी बांधलेले असते, आणि पत्ता गेला की व्यापारही जातो. या दोन बाजूंमधील दावे कोलकात्याच्या न्यायालयांत वर्षानुवर्षे चालतात. पुष्कळदा मूळ वादी आणि प्रतिवादी दोघेही हयात नसतात व त्यांचे वारस दावा पुढे चालवतात.

या वादांचे मूळ पहिल्या महायुद्धानंतरच्या जागाटंचाईत आहे. मुंबईत १९१८ मध्ये, तर कोलकात्यात १९२० मध्ये भाडेनियंत्रणाचा पहिला कायदा झाला. दोन्ही कायदे तात्पुरत्या स्वरूपाचे होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात १९४३ मध्ये कोलकात्यात भाडेनियंत्रणाचा आदेश पुन्हा काढण्यात आला आणि त्यानंतर नियंत्रण कधीच पूर्णपणे उठले नाही. फाळणीनंतर पूर्व बंगालमधून आलेल्या निर्वासितांमुळे जागेची मागणी प्रचंड वाढली. १९४८ व १९५० च्या तात्पुरत्या कायद्यांनंतर ‘पश्चिम बंगाल परिसर भाडेदारी अधिनियम, १९५६’ लागू झाला व त्याने सुमारे ४५ वर्षे या शहरातील मालक-भाडेकरू संबंधांचे नियमन केले. विधिमंडळाने १९९७ मध्ये नवा अधिनियम संमत केला, परंतु तो प्रत्यक्षात अमलात येण्यास १० जुलै २००१ उजाडला. आज चालणारे बहुतेक दावे या नव्या कायद्याखालील आहेत.

दहा हजारांची सीमारेषा

एखादे दुकान या कायद्याच्या संरक्षणाखाली येते की नाही, हा प्रत्येक वादातील पहिला प्रश्न असतो. कोलकाता व हावडा महानगरपालिकांच्या हद्दीत निवासेतर जागेचे मासिक भाडे १० हजार रुपयांपेक्षा अधिक असल्यास १९९७ चा अधिनियम लागू होत नाही. राज्याच्या इतर भागांत ही मर्यादा ५ हजार रुपये आहे. निवासी जागांसाठी या मर्यादा अनुक्रमे साडेसहा हजार व तीन हजार रुपये इतक्या आहेत.

मर्यादेच्या वर भाडे देणारा दुकानदार १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कक्षेत जातो. तेथे मालकाला कारण सांगावे लागत नाही. मासिक भाडेदारी असल्यास १५ दिवसांची नोटीस पुरते. त्यानंतर ताबा न दिल्यास दिवाणी दावा दाखल करता येतो. एक वर्षाहून अधिक मुदतीचा भाडेपट्टा नोंदणीकृत नसल्यास त्यातील मुदतीचा लाभही दुकानदाराला सहसा मिळत नाही. थोडे भाडे वाढवून घेण्याच्या मालकाच्या विनंतीला अनेक जुने दुकानदार ठाम नकार देतात, त्यामागे केवळ कंजूषपणा नसून ही सीमारेषा ओलांडण्याची भीतीही असते.

मर्यादेच्या आतील भाडेकरूला मात्र अधिनियमाच्या कलम ६ मध्ये दिलेल्या कारणांखेरीज काढता येत नाही. भाडे थकवणे, मालकाच्या लेखी संमतीविना जागा दुसऱ्याला देणे, ठरलेल्या प्रयोजनाहून वेगळा वापर करणे, उपद्रव करणे, मालकाला स्वतःच्या वापरासाठी जागेची वाजवी गरज असणे, इमारतीची पुनर्बांधणी करणे ही त्यांतील प्रमुख कारणे होत. दाव्यापूर्वी एक महिन्याची नोटीस द्यावी लागते. मूळ कायद्यात निष्कासनाचे अधिकार भाडेनियंत्रकाकडे होते. नंतरच्या दुरुस्तीने ते दिवाणी न्यायाधीशांकडे देण्यात आले. शहराच्या मध्यभागातील असे अनेक दावे प्रेसिडेन्सी लघुवाद न्यायालयात चालतात.

थकबाकी आणि एक महिन्याची मुदत

या सर्व कारणांत दुकानदाराला सर्वाधिक महागात पडणारे कारण थकबाकीचे आहे. विशेष म्हणजे अनेकदा पैसे नसल्यामुळे नव्हे, तर कार्यपद्धती न पाळल्यामुळे जागा जाते. जुना मालक मरण पावतो, त्याच्या मुलांमध्ये वाटणीचा वाद सुरू होतो, भाडे कोणाला द्यावे हे दुकानदाराला कळत नाही, किंवा नवा मालक भाडे घेण्यासच नकार देतो. अशा वेळी भाडे देऊ करूनही ते स्वीकारले गेले नाही, तर मनीऑर्डरने पाठवून त्याचा पुरावा ठेवावा आणि ती परत आल्यास विहित मुदतीत भाडेनियंत्रकाच्या कार्यालयात रक्कम जमा करावी, अशी कायद्याची अपेक्षा आहे. ‘मालकानेच घेतले नाही’ हे तोंडी उत्तर न्यायालयात टिकत नाही. करारात तारीख ठरलेली नसल्यास पुढील महिन्याच्या १५ तारखेपर्यंत भाडे देणे बंधनकारक आहे.

दावा दाखल झाल्यावर कलम ७ लागू होते. समन्स बजावल्यापासून एक महिन्याच्या आत भाडेकरूने संपूर्ण थकबाकी १० टक्के वार्षिक व्याजासह न्यायालयात भरावी किंवा मालकाला द्यावी लागते व पुढील भाडेही दरमहा जमा करावे लागते. थकबाकीच्या रकमेबद्दल वाद असल्यास, भाडेकरूला मान्य असलेली रक्कम त्याच मुदतीत भरून उरलेल्या रकमेच्या निश्चितीसाठी अर्ज करावा लागतो. न्यायालयाने रक्कम ठरवल्यानंतर ती भरण्यास मुदतवाढ एकदाच आणि दोन महिन्यांपेक्षा अधिक नाही इतकीच मिळू शकते. या अटी न पाळल्यास निष्कासनाविरुद्धचा बचावच रद्द होतो. दुकानदाराची बाजू कितीही खरी असली, तरी ती मग ऐकली जात नाही.

ही मुदत सक्तीची आहे की न्यायालय सहानुभूतीने ती वाढवू शकते, यावर बराच काळ मतभेद होते. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये पश्चिम बंगालमधीलच एका प्रकरणात ही मुदत बंधनकारक असल्याचा निर्णय दिला. उशीर माफ करण्यासाठी मुदत कायद्यातील सर्वसाधारण तरतुदीचा आधार घेता येणार नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. या निर्णयानंतर समन्स हाती पडताच पहिल्या आठवड्यात वकिलाकडे न जाणारा दुकानदार मोठा धोका पत्करतो. पहिल्या थकबाकीच्या प्रसंगी रक्कम भरल्यास निष्कासनातून सुटका मिळते; तीच चूक पुन्हा केल्यास ही सवलत उरत नाही.

भागीदार, पोटभाडेकरू आणि वारस

बडाबाजारातील कटऱ्यांमध्ये एका भाडेकरूने दुसऱ्याला, दुसऱ्याने तिसऱ्याला गाळा दिल्याच्या साखळ्या आढळतात. मालकाच्या लेखी संमतीविना असे हस्तांतरण निष्कासनाला पुरेसे कारण आहे. त्यामुळे अनेक व्यवहारांना भागीदारीचे रूप दिले जाते. कागदोपत्री मूळ भाडेकरू भागीदार राहतो, प्रत्यक्षात मात्र दुकान दुसराच चालवतो. न्यायालये अशा प्रकरणी कराराच्या शब्दांपेक्षा वस्तुस्थिती पाहतात. जागेवर व धंद्यावर मूळ भाडेकरूचे नियंत्रण खरोखर टिकून असेल तर भागीदार घेणे म्हणजे पोटभाडेकरू ठेवणे ठरत नाही. भागीदारी केवळ पडदा असेल, तर तो दूर सारला जातो. हिशेबाच्या वह्या, बँक खाते कोण चालवतो, विक्रीकराची व नंतरच्या काळात वस्तू व सेवा कराची नोंदणी कोणाच्या नावे आहे, महापालिकेचे व्यवसायाचे नोंदणीपत्र कोणाचे, यांवरच अशा दाव्यांचा निकाल ठरतो.

वारसांचा प्रश्न याहून नाजूक आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये दिल्लीच्या कायद्यासंदर्भात, व्यापारी जागेची भाडेदारी वारसांकडे जाते, असा निर्णय दिला होता. कायद्यात वेगळी तरतूद नसेल तेथे हे तत्त्व लागू होते. पश्चिम बंगालच्या १९९७ च्या अधिनियमात मात्र वेगळी तरतूद आहे. भाडेकरूच्या मृत्यूनंतर त्याच्यावर अवलंबून असलेल्या व त्याच्यासोबत राहणाऱ्या मुलांना व आईवडिलांना मृत्यूपासून किंवा कायदा लागू झाल्यापासून, जे नंतरचे असेल तेव्हापासून, जास्तीत जास्त पाच वर्षेच ‘भाडेकरू’ मानले जाते. पती किंवा पत्नीला ही कालमर्यादा लागू नाही. पाच वर्षे संपल्यानंतर वाजवी भाडे देण्याच्या अटीवर नव्या करारात अग्रक्रम मागण्याचा हक्क वारसांना आहे व तो दुकानांनाही लागू करण्यात आला आहे. ज्यांचे वडील २००१ पूर्वीच निवर्तले होते, त्यांच्यासाठी पाच वर्षांची ही मुदत जुलै २००६ मध्ये संपली. वडिलांच्या नावाची पावती घेत दुकान चालवणाऱ्या अनेकांना आपण कायद्याच्या दृष्टीने कोण आहोत हा प्रश्न प्रथमच पडला, तो या तरतुदीमुळे.

मालकांच्या बाजूलाही वारसांचा गुंता कमी नाही. उत्तर कोलकात्यातील जुन्या इमारतींना बंगालीत ‘शरिक’ म्हणतात असे अनेक सहमालक असतात. काही इमारती देवस्थानांच्या नावे आहेत, तर काही उच्च न्यायालयाने नेमलेल्या रिसिव्हरच्या ताब्यात. एकटा सहमालक दावा लावू शकतो का, हा प्रश्न पश्चिम बंगालमधील एका प्रकरणातूनच सर्वोच्च न्यायालयात गेला आणि १९७६ मध्ये त्याचे उत्तर होकारार्थी मिळाले. त्याआधी १९७४ मध्ये न्या. कृष्ण अय्यर यांच्या निकालपत्राने आणखी एक मुद्दा मार्गी लागला होता. भाडेकरूसह इमारत विकत घेऊन लगेच स्वतःच्या गरजेचे कारण पुढे करणाऱ्या खरेदीदारांना आळा घालण्यासाठी १९५६ च्या अधिनियमात तीन वर्षे थांबण्याची अट नंतर घालण्यात आली होती. ती न्यायालयाने वैध ठरवली.

सलामी आणि पगडी

मुंबईच्या वाचकांना परिचित असलेल्या पगडीला कोलकात्यात ‘सेलामी’ म्हणतात. जागा ताब्यात घेताना एकरकमी दिली जाणारी ही रक्कम पुष्कळदा लेखी करारात येत नाही. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ५६ ने अशा देवघेवीला मान्यता दिली. हा अधिनियम ३१ मार्च २००० पासून लागू झाला. भाडे दीर्घकाळ गोठवून ठेवणे अवाजवी असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९७ मध्ये मुंबईच्या कायद्यासंदर्भात दिला होता, त्याची ही पार्श्वभूमी होती. महाराष्ट्रात भाड्यात दरवर्षी चार टक्के वाढ करण्याची मुभा मालकाला आहे. तसेच एक कोटी रुपये किंवा त्याहून अधिक भरणा झालेले भांडवल असलेल्या कंपन्या, बँका व सार्वजनिक उपक्रम यांना तेथील कायद्याचे संरक्षण नाही. भाडेकरू कोण आहे हे मुंबईत पाहिले जाते. कोलकात्यात भाडे किती आहे हे पाहिले जाते. कोलकात्यातील पद्धत मोजण्यास सोपी असली, तरी मोक्याच्या जागी नाममात्र भाडे देणारी मोठी पेढी तीत संरक्षित राहते, हा घरमालकांचा आक्षेप निराधार म्हणता येणार नाही.

पडझड आणि आग

कोलकात्याच्या जुन्या वस्त्यांत अनेक दर्शनी भिंतींवर महापालिकेने लावलेला ‘बिपज्जनक बाडी’, म्हणजे धोकादायक इमारत, असा फलक दिसतो. खाली दुकाने चालूच असतात. बाहेर पडलो तर पुन्हा प्रवेश मिळणार नाही, या भीतीने भाडेकरू जागा सोडत नाहीत. भाड्यातून खर्च निघत नसल्याने मालक दुरुस्ती करत नाही, आणि इमारत कोसळली तर वाद आपोआप मिटेल, अशी त्याची अपेक्षा असल्याचा संशय भाडेकरूंना असतो. या कोंडीवर उपाय म्हणून २०१७ मध्ये कोलकाता महानगरपालिका अधिनियमात ४१२-अ हे कलम समाविष्ट करण्यात आले. राहण्यास अयोग्य ठरवलेल्या इमारतीच्या पुनर्बांधणीची पहिली संधी मालकाला द्यावी, त्यासाठी वाढीव बांधकामक्षेत्र मंजूर करावे व भाडेकरूंचे पुनर्वसन त्याच ठिकाणी व्हावे, अशी त्यामागची योजना आहे. मालक पुढे न आल्यास महापालिका अन्य यंत्रणेमार्फत काम करून घेऊ शकते.

इमारत नष्ट झाली तर भाडेदारी संपते का, हा प्रश्न बाजारपेठांतील आगींनंतर वारंवार उपस्थित झाला. जानेवारी २००८ मध्ये बडाबाजारातील १३ मजली नंदराम मार्केटला आग लागली. मार्च २०१० मध्ये पार्क स्ट्रीटवरील स्टीफन कोर्ट या इमारतीच्या आगीत ४३ जणांचा मृत्यू झाला. सप्टेंबर २०१८ मध्ये कॅनिंग स्ट्रीटवरील बागडी मार्केट कित्येक दिवस धुमसत राहिले. दुर्गापूजेच्या हंगामासाठी भरलेला माल त्यात जळाला. मालमत्ता हस्तांतरण अधिनियमानुसार आग, वादळ किंवा पूर यांमुळे जागा निरुपयोगी झाल्यास भाडेपट्टा संपवण्याचा पर्याय भाडेकरूला आहे, मालकाला नाही. तरीही २००० मधील एका निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने, दुकान पूर्ण नष्ट झाल्यास भाडेदारीही संपते, असे म्हटले होते. ही भूमिका २०१४ मध्ये तीन न्यायाधीशांच्या पीठाने बदलली. ते प्रकरण सांगली-मिरज-कुपवाड महानगरपालिकेने पाडलेल्या एका इमारतीचे होते. भाडेदारी केवळ भिंतींची नसून जमिनीचीही असते, त्यामुळे इमारत गेली तरी ती संपत नाही, असा निर्वाळा त्यात देण्यात आला. अर्थात हक्क शाबूत राहणे आणि गाळा प्रत्यक्षात परत मिळणे यांत पुष्कळ अंतर असते.

बहूबाजारच्या दुकानदारांनी हे अंतर अनुभवले. ३१ ऑगस्ट २०१९ रोजी पूर्व-पश्चिम मेट्रोचा बोगदा खणताना भूगर्भातील पाणी शिरले आणि दुर्गा पिथुरी लेन व स्याकरा पाडा लेन परिसरातील घरांना तडे जाऊन काही घरे कोसळली. स्याकरा म्हणजे सोनार. या गल्ल्यांतील दागिने घडवणाऱ्या अनेक कारखान्यांना काही तासांत जागा सोडावी लागली. २०२२ मध्ये मे व ऑक्टोबर महिन्यांत पुन्हा तडे गेले. येथे मालकाने कोणालाही काढलेले नव्हते. तरीही घर पुन्हा उभे राहीपर्यंत धंदा कोठे करायचा, आणि नव्या इमारतीत आपला गाळा किती चौरस फुटांचा असेल, याच प्रश्नांना भाडेकरूंना सामोरे जावे लागले. खानापूर व आटपाडी तालुक्यांतून देशभर गेलेल्या गलाई व्यावसायिकांना सराफ बाजारातील भाड्याच्या गाळ्यांचे हे प्रश्न अपरिचित नाहीत.

मालक सार्वजनिक संस्था असेल तर

वरील सर्व संरक्षण खाजगी मालकाच्या संदर्भात आहे. कोलकात्याच्या मध्यवर्ती भागातील काही मोठ्या व्यापारी इमारती आयुर्विमा महामंडळाच्या मालकीच्या आहेत. चौरंगीवरील मेट्रोपॉलिटन बिल्डिंग हे त्याचे ठळक उदाहरण. हुगळीकाठच्या विस्तीर्ण जमिनी बंदर प्राधिकरणाच्या आहेत. अशा जागांना १९७१ चा सार्वजनिक परिसर अधिनियम लागू होतो. तेथे दिवाणी न्यायालयाऐवजी संस्थेचाच संपदा अधिकारी सुनावणी घेतो. हा कायदा राज्याच्या वा दिल्लीच्या भाडेनियंत्रणापेक्षा वरचढ असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० मध्ये अशोका मार्केटिंग प्रकरणात दिला. १८७४ मध्ये सुरू झालेल्या न्यू मार्केटमधील दुकानदारांचे नाते महापालिकेशी असून त्यांचेही नियम वेगळे आहेत.

दावा लांबवण्याची किंमत

न्यायालयात न जाता कुलूप फोडणे, पाणी तोडणे किंवा वीज बंद करणे बेकायदेशीर आहे. मालकी कोणाचीही असो, बळजबरीने ताबा घेतला गेल्यास सहा महिन्यांच्या आत विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली दावा लावून ताबा परत मिळवता येतो. सहा महिन्यांनंतर हा सोपा मार्ग बंद होतो. वीज ही मूलभूत गरज असून मालकाने ना-हरकत प्रमाणपत्र दिले नाही एवढ्या कारणाने भाडेकरूला ती नाकारता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये महाराष्ट्रातील एका प्रकरणात नमूद केले आहे.

दुसरीकडे, निष्कासनाचा हुकूम झाल्यानंतर अपिलांवर अपिले करून जुन्याच भाड्यात वर्षे काढण्याचा मार्गही आता पूर्वीइतका सोपा राहिलेला नाही. दिल्लीतील आत्माराम प्रॉपर्टीज प्रकरणात २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याबाबत दिशा दाखवली. त्या जागेचे मासिक भाडे ३७१ रुपये ९० पैसे होते. अपिलाच्या काळात स्थगिती हवी असल्यास दरमहा १५ हजार रुपये भरावेत, ही अट न्यायालयाने कायम ठेवली. हुकूम झाल्यानंतर भाडेकरू जुन्या भाड्याचा हक्क सांगू शकत नाही, हे त्यामागील तत्त्व होते. मे २०२४ मध्ये कोलकात्याच्या डलहौसी भागातील जागेच्या वादात हेच तत्त्व पुढे नेत, भाडेपट्टा संपुष्टात आल्यानंतरही ताबा ठेवणाऱ्या भाडेकरूंना पाच कोटी रुपयांहून अधिक रक्कम जमा करण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला. जुन्या भाड्याच्या पावत्यांची सवय असलेल्या व्यापाऱ्यांसाठी हा आकडा धक्कादायक होता.

केंद्रीय मंत्रिमंडळाने २ जून २०२१ रोजी आदर्श भाडेदारी अधिनियमाच्या मसुद्यास मंजुरी दिली. त्यात दुकानासाठी जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या भाड्याइतकी अनामत आणि मुदतीनंतर जागा न सोडल्यास पहिले दोन महिने दुप्पट व नंतर चौपट भाडे अशा तरतुदी आहेत. राज्यांनी आपल्या विधिमंडळात कायदा करून अथवा प्रचलित कायद्यात बदल करून तो स्वीकारावयाचा आहे. मसुदा पुढील काळातील करारांपुरता असल्याने आज ज्यांचे दावे कोलकात्याच्या न्यायालयांत चालू आहेत, त्यांच्या भाडेदारीला तो लागू होत नाही.